कुंपणाची फुलं

नाहूर, ३ ऑगस्ट २०२४

श्यामकांत सर,

बारा वर्षांनंतरच्या पत्राची सुरुवात कशी करतात ते मला माहीत नाही, म्हणून सरळ मुद्द्यावर येते. मी श्रुतिका धुरी. वनस्पतिशास्त्र विभागात तुमच्या हाताखाली पीएच.डी.ला साडेतीन वर्षं होते. तेवढ्यावरून आठवत नसेल तर आणखी एक खूण सांगते. मालवणी बोलणारे एक माळीबुवा तुम्हाला डोंगर दाखवायला यायचे, त्यांची मी मुलगी.

मंगळवारी विद्याधर आला होता. आमच्या बॅचचाच, आता माजी विद्यार्थी संघाचा सेक्रेटरी आहे. नाहूर स्टेशनजवळ माझी नर्सरी आहे हे त्याला कुठून तरी कळलं. म्हणाला, "शंभर कुंड्या लागतील गं, पाहुण्यांना द्यायला. सरांचा सत्कार करतोय आपण. हर्बेरियमच्या खोलीला सरांचं नाव द्यायचंय. एकदम झकास कार्यक्रम."

आपली हर्बेरियमची खोली, जिथे वाळवलेली झाडं कागदांवर शिवून कपाटांत ठेवलेली असतात. तिथल्या डांबरगोळ्यांचा वास माझ्या ओढणीला रविवारीसुद्धा यायचा.

विद्याधरनं निमंत्रणपत्रिकेचा नमुना दाखवला. वर तुमचा फोटो, खाली एक पांढरं फूल, आणि त्याखाली ओळ: ‘युजेनिया कुंदाए. मुलुंडच्या डोंगरावर सरांनी शोधलेली आणि पत्नीचं नाव दिलेली, जांभळाच्या कुळातली नवी प्रजाती.’ मी ते फूल बराच वेळ बघत बसले.

"काय गं, भावुक झालीस की काय?"

"नाही रे. ओळखीचं वाटलं."

कुंड्यांची ऑर्डर मी घेतली आहे. तुम्ही व्हॉट्सअॅप वापरत नाही आणि फोन केयूरच उचलतो, असं तो म्हणाला. म्हणून हाताने लिहितेय. शिवाय मी काय लिहिते ते तुमच्या मुलानं वाचण्याआधी तुम्ही वाचावं अशी माझी इच्छा आहे.

एकच विचारायचं होतं. कुंदाकाकूंच्या नावाचं हे झुडूप तुम्ही फुललेलं कधी पाहिलंत? डोंगरावर, स्वतःच्या डोळ्यांनी?

श्रुतिका


नाहूर, २५ ऑगस्ट २०२४

सर,

उत्तर आलं नाही. येईल अशी अपेक्षाही नव्हती. म्हणून मीच सांगते, कारण तुमच्या सत्काराच्या भाषणांत हा भाग कुणी सांगणार नाही.

बाबा आधी गिरणीत होते. गिरणी गेल्यावर विक्रोळीला कंपनीच्या वसाहतीत माळी म्हणून लागले. रविवारी मुलुंड कॉलनीच्या मागच्या डोंगरावर जायचा त्यांना नाद होता. आई ओरडायची, आठवडाभर झाडं बघूनही ह्यांचं पोट भरत नाही म्हणून. २०११ च्या ऑगस्टमध्ये ते माझ्यासाठी रुमालात बांधून फळं घेऊन आले. वाटाण्याएवढी, काळी, गुळगुळीत. "गावाक असा एक झाड आसा, पण ह्या ता न्हय," म्हणाले. गावी असंच एक झुडूप आहे, पण हे ते नव्हे. मला डॉक्टर व्हायला निघालेल्या बाईला ते दोन आठवडे पुस्तकं चाळून कळलं, त्यांना एक फळ चावून कळलं होतं.

मी ते तुम्हाला दाखवलं. तुम्ही दुसऱ्याच रविवारी आलात. बाबांनी तुम्हाला ओढ्याच्या कडेनं वर नेलं, दोन ठिकाणी तुमचा हात धरून खडकावर चढवलं. कमरेएवढं झुडूप, ओढ्याच्या दोन्ही अंगाला मिळून चाळीस-पन्नास. तुम्ही फळं आणि पानं घेतलीत. खाली आल्यावर आमच्या भांडुपच्या खोलीत पोहे खाल्लेत आणि म्हणालात, "लवूभाऊ, हे नवीन निघालं तर तुमचं नाव छापून येईल."

बाबांनी ते वाक्य चाळीत सगळ्यांना सांगितलं.

मग फुलं हवी होती. फुलांशिवाय नवी प्रजाती कुणी मानणार नाही. फेब्रुवारीत तुम्ही घाईला आलात. बाबा म्हणाले, "ह्या वैशाखात फुलता. आता खंय गावतली फुलां?" मी तुम्हाला तेच सांगितलं: मे महिन्यापर्यंत थांबू या. तुम्ही म्हणालात, "मे मला परवडणार नाही." का, ते सांगितलं नाहीत. मीही विचारलं नाही. निवृत्ती वर्षावर आली होती, वाटलं त्याचीच घाई.

मे २०१२ मध्ये लेख छापून आला. लेखक एक, तुम्ही. माझं नाव कुठेच नाही. शेवटी आभारात एक ओळ होती की एका ‘लोकल लेबरर’नं जागा दाखवली.

मी झेरॉक्स घरी नेली. बाबांना इंग्रजी वाचता येत नव्हतं. चष्मा लावून त्यांनी विचारलं, "माजा नाव खंय आसा?"

सर, मी ‘लेबरर’ या शब्दावर बोट ठेवलं. म्हटलं, "हे काय, इथे."

त्यांनी ते पान लॅमिनेट करून आणलं आणि भिंतीवर लावलं. कुणी आलं की बरोब्बर त्या शब्दावर बोट ठेवून दाखवायचे. सात वर्षं. २०१९ मध्ये गेले तेव्हा आईनं त्यांची ट्रंक उघडली. कंपनीचं जुनं ओळखपत्र निघालं. फोटोखाली हुद्द्याच्या रकान्यात तोच शब्द, त्याच इंग्रजी अक्षरांत. वीस वर्षं तो खिशात घेऊन ते कामावर जात होते. त्यांना तो शब्द ओळखता येत नसेल का?

मी आईला विचारलं. शेवंती धुरी, चौथी पास. तिनं ओळखपत्र माझ्या हातातून घेतलं आणि परत ट्रंकेत ठेवलं. "त्येंका पयल्याच दिवशी कळला होता," म्हणाली. "तुका वायट वाटात म्हणान बोलले न्हाय."

हे तुम्हाला माहीत असावं म्हणून लिहिलं. उरलेलं पुढच्या महिन्यात कळेल.

श्रुतिका लवू धुरी


नाहूर, २९ सप्टेंबर २०२४

सर,

तुमचा लेख ज्या नियतकालिकात आला होता त्याचा नवा अंक तुमच्याकडे पोचला असेल. नसेल तर विद्याधरनं फोन करून सांगितलंच असेल. परवा तो माझ्यावर ओरडत होता, "काय वाट लावलीस यार तू! पत्रिका छापून झाल्यात!"

त्यातलं माझं टिपण दोन पानांचं आहे. तुम्ही नियम शिकवलेत, म्हणून नियमाप्रमाणे लिहिलं. नाव डोंगरातल्या झुडपाला चिकटत नाही, ते हर्बेरियममध्ये जमा केलेल्या त्या एका कागदाला चिकटतं, त्यावर शिवलेल्या नमुन्याला. तुमच्या कागदावर पानं आणि फळं डोंगरातली आहेत. फुलं सुरिनाम चेरीची आहेत. तीच, जी मी नर्सरीत कुंपणासाठी ट्रेच्या ट्रे विकते. मूळची दक्षिण अमेरिकेतली, सगळ्या जगाला ठाऊक असलेली. आपल्या कॉलेजात प्रिन्सिपॉलच्या पार्किंगला तिचंच कुंपण होतं.

पुरावा एफ.वाय.च्या पोरांनाही कळेल असा आहे. सुरिनाम चेरीच्या फुलाखालच्या वाटीला आठ उभे कणे, म्हणजे कंगोरे, असतात, आणि फळही तसंच आठ कण्यांचं, छोट्या भोपळ्यासारखं होतं. डोंगरातलं फळ गुळगुळीत. आठ कण्यांच्या फुलातून गुळगुळीत फळ कसं येईल, सर? सरकारी हर्बेरियमनं तुमच्या कागदाचा फोटो वेबसाइटवर टाकलाय. त्यात कणे मोजता येतात. तुमच्या लेखात फुलाचं वर्णन अकरा ओळींचं आहे, फळाचं दोन. म्हणजे नाव फुलांकडे जातं. युजेनिया कुंदाए ही आता सुरिनाम चेरी. नवी प्रजाती नाही, काहीच नाही.

खोलीच्या दारावरची पाटी थांबली आहे असं कळलं. सत्कार पुढे ढकलला आहे असंही कळलं. माझ्या शंभर कुंड्या पडून आहेत, त्याचं मला काही वाटत नाही.

नोव्हेंबर २०१२ मध्ये मी तुमच्यासमोर उभी होते. दुसऱ्या गाइडकडे जायच्या अर्जावर तुमची फक्त सही हवी होती. तुम्ही फाइलीतून मान वर न काढता म्हणालात, "नंतर बघू." अकरा वेळा नंतर बघितलंत. माझं रजिस्ट्रेशन संपलं. त्यानंतर मी दुसऱ्यांच्या बाल्कन्यांत कुंड्या उचलून ठेवायचं काम केलं आणि वाट पाहिली. तुम्ही आणखी मोठे व्हावेत, हार घालायला कुणीतरी पुढे यावं, याची. लहान माणूस पडला तर आवाज होत नाही.

श्रुतिका


नाहूर, २७ ऑक्टोबर २०२४

सर,

तुमचं पत्र मिळालं. बारा वर्षांत पहिलं. अक्षर थरथरलं आहे, पण परिच्छेद अजून तसेच, मोजून पाडलेले.

तुम्ही लिहिता की जानेवारी २०१२ मध्ये कुंदाकाकूंच्या पोटात गाठ निघाली. डॉक्टरांनी चार महिने दिले. त्यांच्या नावाची एखादी गोष्ट त्या असताना छापून यावी, एवढीच तुमची इच्छा होती. अंक आला तेव्हा त्या बिछान्यात होत्या, तुम्ही त्यांना नाव वाचून दाखवलंत, त्या हसल्या. वीस दिवसांनी गेल्या.

मला हे माहीत नव्हतं. तुम्ही विभागात कुणालाच सांगितलं नव्हतं. काकूंनी मला थालीपिठं करून घातली आहेत, आपल्या हातानं लोणी वाढलं आहे. त्यांच्याविषयी मी इथे एक शब्द वाकडा लिहिणार नाही.

पण तुमच्याविषयी लिहीन. तुम्ही मला त्या फेब्रुवारीत हे सांगितलं असतंत, तर मी माझं नाव स्वतः खोडून दिलं असतं. बाबांनी तर काकूंसाठी डोंगरावर मुक्काम ठोकला असता. तुम्ही मागितलं नाहीत. न विचारता घेतलंत. आणि काकूंचं नाव छापायला बाबांचं नाव पुसायची काय गरज होती? कागदावर जागा नव्हती का?

पत्राच्या शेवटी लिहिता, ‘आता तरी थांब.’ नाही थांबणार.

श्रुतिका


नाहूर, १२ नोव्हेंबर २०२४

सर,

काल अंबादास आले होते.

मी पाणी मारत होते. ते फाटकाशी चप्पल काढून उभे. मी म्हटलं, "अहो, ही नर्सरी आहे, देऊळ नाही, या आत." बसले, पण खुर्चीच्या टोकावर. मग खिशातून तुमच्या खुलाशाची झेरॉक्स काढली. कॉलेजला तुम्ही लिहून दिलंय की नमुने कागदावर शिवताना प्रयोगशाळेतले अटेंडंट अंबादास यांच्या हातून दोन झाडांची सरमिसळ झाली असावी.

‘असावी.’ किती सांभाळून लिहिलंत.

निवृत्तीनंतर हर्बेरियमची देखभाल करायला कॉलेजनं त्यांना परत बोलावलं होतं. आठवड्याचे तीन दिवस, कंत्राटावर. आता येऊ नका म्हणून सांगितलं. ते मला एवढंच म्हणाले, "ताई, तीस वर्षं शीटा शिवल्या मी. एक पान इकडचं तिकडं गेलं नाही. तुम्ही तर बघायच्या ना, मी कसा दोरा घालायचो? तुम्ही सांगा ना त्यांना." आणि हात पुढे केले, दोन्ही तळवे वर करून, जणू चूक अजून तिथे दिसत असेल तर मी बघावी.

मी त्यांना चहा दिला. ते गेल्यावर पाइप तसाच चालू राहिला आणि वाफे भरून वाहायला लागले.

तेव्हा आता ऐका. मागच्या पत्रांत मी सगळं लिहिलं आहे, एक सोडून.

२१ फेब्रुवारी २०१२, मंगळवार. मी विभागात तुमच्या टेबलावर माझा अहवाल ठेवायला आले. प्रिंटरमधून तुमच्या लेखाचा मसुदा बाहेर पडत होता. पहिल्या पानावर तुमचं एकट्याचं नाव होतं. मी शेवटचं पान बाहेर येईपर्यंत तिथे उभी राहिले आणि ‘लोकल लेबरर’ वाचलं. तोपर्यंत बाबा आणि मी फुलांसाठी तीन रविवार डोंगर चढून रिकाम्या हातानं परत आलो होतो. बाबांचा गुडघा सुजला होता.

दुसऱ्या दिवशी सकाळी सव्वासातला मी प्रिन्सिपॉलच्या पार्किंगशी होते. कुंपणाच्या सहा डहाळ्या तोडल्या. पानं खुडून टाकली, कारण पानांवरून तुम्ही ओळखलं असतंत. ओल्या वर्तमानपत्रात गुंडाळून दहा वाजता तुमच्या हातात दिल्या. "मिळाली सर. ओढ्याच्या वरच्या अंगाला दोनच झुडपं फुलली होती."

तुम्ही उठून उभे राहिलात. माझ्या डोक्यावर हात ठेवलात. त्या हाताचा भार मला अजून आठवतो, आणि त्याखाली उभं राहून मला काय वाटलं तेही. मला थंडगार वाटलं. वाटलं, आता ही फुलं तुमच्या नावाला शिवून टाकतील.

म्हणजे अंबादासनं जे शिवलं ते मी दिलेलं होतं.

आज मी अंकाच्या संपादकांना हे जसंच्या तसं लिहून पाठवलं आहे, तारखेसह. एक प्रत प्रिन्सिपॉलना, एक अंबादासना. त्यात माझं काय होईल ते होईल. ह्यापुढे कोणी मला वनस्पतींवर एक ओळ छापू देणार नाही. पण तुम्ही फुलं ओळखली नाहीत हेही त्यात आहे. तीस वर्षं झाडं शिकवलेला माणूस रोज ज्या कुंपणाशेजारून जायचा ते कुंपण ओळखू शकला नाही. मी बुडतेय, सर, पण तुमचं बोट सोडलेलं नाही.

श्रुतिका


नाहूर, १९ जानेवारी २०२५

सर,

आज दुपारी तुमच्याकडून परत आले आणि चपला न काढता लिहायला बसले आहे.

बोरिवलीला तुमच्या घरी येणार नव्हते. पण माझा कबुलीजबाब छापून आल्यावर काय झालं ते तुम्हाला माहीत आहे. विद्याधरनं मला ग्रुपमधून काढलं. नीलम, जी माझ्याशेजारी बसून तीन वर्षं माझ्या वह्या उतरवायची, तिनं लिहिलं, ‘एवढं विष?’ अंबादासना परत बोलावलं, ते एक बरं झालं. आणि तुमचा सत्कार पुन्हा ठरला. १५ फेब्रुवारी. आता तुम्ही विद्यार्थिनीनं फसवलेले गुरू. पाटीसुद्धा लागणार. म्हणजे मी तुम्हाला खाली ओढायला गेले आणि लोकांनी तुम्हाला खांद्यावर घेतलं.

म्हणून आले. एक वाक्य ऐकायचं होतं, की लवू धुरींच्या बाबतीत तुम्ही केलंत ते चूक होतं. तेवढंच.

केयूरनं दार उघडलं, नाव ऐकल्यावर क्षणभर बंद करावं की काय अशा विचारात पडला. आतून तुम्ही म्हणालात, "येऊ दे तिला." तुम्ही फार वाळला आहात. आपण गॅलरीत बसलो, तिथे काकूंची कुंदाची वेल अजून आहे. केयूर पाणी ठेवून आत गेला आणि तुम्ही आवाज खाली आणून बोललात.

"कणे मी त्याच दिवशी मोजले होते, श्रुतिका."

मला आधी कळलंच नाही.

"तू गेल्यावर. भिंगाखाली धरलं. आठ होते. पार्किंगमध्ये जाऊन ताडूनही पाहिलं. तू कुठून तोडलंस तेही दिसलं, कुंपणावरची तुटलेली टोकं ताजी होती."

"मग?"

"मग काय. कुंदाला मे महिना दिसणार होता की नाही, कुणी सांगत नव्हतं. मी दार लावून वर्णन लिहिलं."

मी विचारलं, माझ्या अर्जावर सही का केली नाहीत. तुम्ही म्हणालात, "तू खोलीत आलीस की मला वाटायचं, आज ही बोलणार. तू गेल्याशिवाय मला श्वास येत नसे."

आणि अंबादास?

त्यावर तुम्ही पाण्याचा पेला माझ्याकडे सरकवलात.

मी बारा वर्षं एका गोष्टीवर जगले, की मी तुम्हाला फसवलं आणि तुम्हाला पत्ता नाही. ट्रेमध्ये रोपं भरताना, लोकांच्या गच्च्यांवर माती चढवताना, बाबांच्या दहाव्याला, ते माझ्याजवळ होतं. तेही तुम्ही घेतलंत. फसवायचं काम माझ्याकडून करून घेतलंत आणि फळ स्वतः घेतलंत, जसा डोंगर घेतलात.

खाली सोसायटीच्या बाकावर बसले. रडले नाही. तिथेच ठरवलं.

१५ फेब्रुवारीला मी सभागृहात पहिल्या रांगेत असेन. मला कुणी बोलावलेलं नाही, पण शंभर कुंड्या माझ्या आहेत, त्या घेऊन येईन आणि बसेन. तुम्हाला माइक मिळेल. तुम्ही मला गॅलरीत जे सांगितलंत ते तिथे सांगायचं, सगळं. तुम्ही सांगितलं नाहीत, तर मी उठून सांगेन. माझ्यावर कुणी विश्वास ठेवणार नाही, हे मला माहीत आहे. तुम्हालाही आहे. पण तुम्हाला माझ्याकडे बघत ऐकावं लागेल, आणि केयूर तुमचा चेहरा बघेल. तो तुम्हाला चांगला ओळखतो.

तब्येतीचं कारण सांगून घरी राहू नका. मग मी बोरिवलीला येईन.

श्रुतिका


नाहूर, १७ फेब्रुवारी २०२५

सर,

हे शेवटचं.

शनिवारी सभागृहात काय झालं ते तुम्हाला मी सांगायची गरज नाही. पण तुम्ही चष्मा काढून बोलत होतात, तेव्हा काही गोष्टी तुम्हाला दिसल्या नसतील. त्या लिहिते.

आधीच्या चार भाषणांत माझं नाव न घेता माझा उद्धार झाला. तुमचा जुना विद्यार्थी राजेश परदेशातून खास आलेला, त्यानं ‘कृतघ्नता’ हा शब्द तीनदा वापरला आणि तिन्ही वेळा पहिल्या रांगेकडे पाहिलं. माझ्या दोन्ही बाजूंच्या खुर्च्या रिकाम्या होत्या. तिसरीवर अंबादास बसले होते, धुतलेल्या शर्टात.

मग तुम्ही उठलात. कागद उलगडलात, परत घडी घातलीत. म्हणालात, "मला कुणी फसवलं नाही. ती फुलं कुंपणाची आहेत हे मला लेख पाठवण्याआधी माहीत होतं."

कुणाला तरी वाटलं की तुमची काहीतरी गल्लत होतेय. विद्याधर पुढे आला, "सर, बसा तुम्ही, पाणी देऊ?" तुम्ही त्याचा हात बाजूला केलात. मग सलग बोललात. पार्किंगचं कुंपण. काकूंचं दुखणं, आणि ते कारण म्हणून सांगत नसल्याचंही. माझी सही अडवली ते. अंबादासवर ढकललं ते. "झुडूप लवू धुरी यांनी शोधलं. ते माळी होते. मी त्यांना त्यांच्या घरी शब्द दिला होता."

मागे कुणाचा तरी फोन वाजला, तोही कुणी बंद केला नाही. केयूर मान खाली घालून बसला होता. नीलम माझ्याकडे बघत होती. मी तिच्याकडे पाहिलं नाही.

मला काय वाटलं ते विचाराल तर, आनंद झाला. खोटं कशाला लिहू? एवढा आनंद झाला की तळहात गरम झाले. लोक म्हणतात अशा वेळी पोकळ वाटतं, काही उरत नाही. मला तसं काही झालं नाही. तुम्ही एकेक वाक्य बोललात आणि मला वाटलं, अजून. अजून बोला.

आज सकाळी गार्गी नावाच्या एका मुलीचा फोन आला होता. दुसऱ्या कॉलेजात संशोधन करते. ह्या मेमध्ये तिला डोंगरावर यायचंय, झुडूप फुललं की पानं, फुलं आणि पुढे ऑगस्टमध्ये फळं, सगळं रीतसर गोळा करून लिहायचंय. मी जागा दाखवणार आहे. नाव काय द्यायचं ते तिचं ती ठरवेल. बाबांचं नाव आभारात पूर्ण लिहायचं, एवढी एक अट घातली. माझं नको म्हटलं. मी त्या कागदावर जे केलं त्यानंतर मला ते नकोच आहे, आणि ही शिक्षा तुम्ही दिलेली नाही, मीच घेतली आहे.

आता राहिलेली गोष्ट. बोलणं संपवून तुम्ही वळलात. स्टेजच्या पायऱ्या चार. कठडा नाही. तुम्ही पहिल्या पायरीशी थांबलात आणि हात पुढे करून चाचपायला लागलात. चष्मा टेबलावर राहिला होता. समोर दीडशे माणसं होती, निम्मी तुमच्या हाताखाली शिकलेली. कुणी हललं नाही. विद्याधर तुमच्यापासून दोन पावलांवर होता, तो कुंड्यांकडे बघत होता.

मी सगळ्यांत जवळ होते. चार पावलं. तुमचा हात हवेत आहे हे मला दिसत होतं. आपण उठावं असं माझ्या मनात आलं, हे मी नाकारत नाही. बाबा असते तर उठले असते, तेही माहीत होतं. मी मांडीवर हात घट्ट धरून बसून राहिले.

अंबादास उठले. तुमचा चष्मा आणला, तुमच्या हातात दिला, तुम्ही तो लावेपर्यंत थांबले. मग दंडाला धरून एकेक पायरी खाली आणलं, आणि केयूरच्या शेजारच्या खुर्चीपर्यंत पोचवून आपल्या जागेवर परत आले. बसून दोन्ही तळवे गुडघ्यांवर ठेवले.

त्यांनी तुम्हाला क्षमा केली असेल. मी विचारलं नाही. मी केलेली नाही, सर, आणि करणारही नाही.

श्रुतिका लवू धुरी